घरातली फरशी कापताना उडणारी धूळ: ऑस्ट्रेलियातली बंदी आणि आपले बाथरूम

ऑस्ट्रेलियाने १ जुलै २०२४ पासून ‘इंजिनिअर्ड स्टोन’, म्हणजे कृत्रिम दगडाच्या लाद्या बनवणे, विकणे, कापणे आणि बसवणे या सगळ्यावर देशभर बंदी घातली. १ जानेवारी २०२५ पासून त्यांची आयातही थांबवली. अशी बंदी घालणारा तो जगातला पहिला देश. हा दगड आपल्याकडे ‘क्वार्ट्झ’ या नावाने विकला जातो आणि नव्या फ्लॅटमधल्या कितीतरी ओट्यांवर तो बसलेला आहे. त्यामुळे या बंदीबद्दल कुठे काही वाचले, की रुग्णांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: “डॉक्टर, आमचा ओटा क्वार्ट्झचा आहे. काढून टाकू का?”

नको. बसवलेला ओटा काही करत नाही. त्यावर पोळ्या लाटा, भाजी चिरा, रोज पुसा. दगड अखंड आहे तोवर त्यातला धोकादायक घटक दगडातच राहतो. उलट तो ओटा काढायला माणूस बोलावून घरातच कापला, तर धोका त्या दिवशी सुरू होईल. बंदी आली ती वापरणाऱ्यांमुळे नाही, कापणाऱ्यांमुळे. आणि कापण्याचा हा प्रश्न ओट्यापुरता नाही. बाथरूमची फरशी बदलताना, गॅलरीत ग्रॅनाइटची पट्टी बसवताना, भिंतीत पाइपसाठी खाच मारताना तोच घटक हवेत येतो. त्याबद्दल मात्र कोणी विचारत नाही.

दगडात असते तरी काय?

या घटकाचे नाव स्फटिकरूप सिलिका. वाळूत, ग्रॅनाइटमध्ये, सिमेंट काँक्रीटमध्ये, विटांमध्ये आणि टाइलमध्ये ती कमी-जास्त प्रमाणात असतेच. सेफ वर्क ऑस्ट्रेलिया या तिथल्या सरकारी संस्थेने दिलेले आकडे पाहा: संगमरवरात सुमारे २ टक्के, ग्रॅनाइटमध्ये २० ते ४५, सिरॅमिक टाइलमध्ये ५ ते ४५ आणि कृत्रिम दगडात थेट ९७ टक्क्यांपर्यंत. आजकाल इमारतींच्या भिंतींना वापरतात त्या हलक्या राखाडी एएसी ब्लॉकमध्येही २० ते ४० टक्के सिलिका असते.

कटरची डायमंड ब्लेड दगड ‘कापत’ नाही, घासून त्याची भुकटी करते. साधा हिशोब करू. दोन बाय दोन फुटांची, ९ मिलिमीटर जाडीची व्हिट्रिफाइड टाइल मधोमध कापली आणि ब्लेडची रुंदी २ मिलिमीटर धरली, तर एका कापात सुमारे २५ ग्रॅम भुकटी तयार होते. त्यातली बहुतेक जाड असते, ती खाली बसते किंवा नाकात अडकते. घातक असतो तो त्यातला अगदी बारीक अंश, साधारण ४ मायक्रॉनच्या आतला. आपला केस त्याच्या वीसेक पट जाड असतो. हे कण डोळ्यांना दिसत नाहीत, तासन् तास हवेत तरंगतात आणि श्वासाबरोबर थेट फुप्फुसाच्या शेवटच्या फुग्यांपर्यंत पोहोचतात.

किती पुरेसे आहेत? अमेरिकेतली मर्यादा आठ तासांच्या सरासरीने एक घनमीटर हवेत ५० मायक्रोग्रॅम इतकी आहे. दहा बाय बाराची, नऊ फूट उंचीची खोली घेतली तर तिच्यात सुमारे ३० घनमीटर हवा मावते. म्हणजे या सगळ्या खोलीत मिळून दीड मिलिग्रॅम बारीक सिलिका तरंगत असली, की मर्यादा गाठली. तांदळाचा एक दाणा साधारण २० मिलिग्रॅमचा असतो. त्याच्या दहाव्या भागापेक्षाही हे कमी आहे. बाथरूम तर या खोलीच्या निम्मेही नसते.

फुप्फुसात शिरलेल्या या कणांना शरीरातल्या संरक्षक पेशी गिळतात, पण पचवू शकत नाहीत. पेशी मरतात, कण सुटतात, दुसऱ्या पेशी त्यांना गिळतात. हे चक्र चालू राहते आणि प्रत्येक फेरीत थोडा व्रण मागे उरतो. हाच सिलिकोसिस. हा रोग परतवणारे औषध नाही. धुळीचे काम सोडल्यानंतरही तो पुढे सरकू शकतो. बहुतेकांत दहा वर्षांहून अधिक काळ धूळ खाल्ल्यावर तो दिसतो, पण मात्रा जास्त असेल तर पाच-दहा वर्षांत, आणि फारच जास्त असेल तर त्याही आधी. त्याशिवाय जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने, आयएआरसीने, १९९७ मध्येच कामाच्या ठिकाणी श्वासातून जाणाऱ्या स्फटिकरूप सिलिकेला कर्करोगकारकांच्या पहिल्या गटात टाकले आहे.

कॅलिफोर्नियातल्या ५२ रुग्णांचा एक अभ्यास २०२३ मध्ये प्रसिद्ध झाला. सगळे कृत्रिम दगड कापणारे कामगार, जवळजवळ सगळेच लॅटिन अमेरिकेतून आलेले स्थलांतरित. वयाचा मध्य ४५. त्यातले १० जण अभ्यासापर्यंत दगावले होते. त्या वर्षाच्या अखेरीस कॅलिफोर्नियाने तातडीचे नियम काढून असा दगड कोरडा कापण्यावर बंदी आणली.

म्हणजे दोन वेगळे निर्णय झाले. ऑस्ट्रेलियाने दगडच बंद केला, कॅलिफोर्नियाने कापण्याची पद्धत. माझ्या मते आपल्या घरांसाठी कॅलिफोर्नियाचा धडा जास्त उपयोगाचा आहे. टाइल आणि ग्रॅनाइट कोणी बंद करणार नाही. ऑस्ट्रेलियानेही सिरॅमिक आणि पोर्सेलीन टाइल बंदीतून वगळल्या. मात्र १ सप्टेंबर २०२४ पासून त्यांनी, १ टक्का किंवा अधिक सिलिका असलेला कोणताही माल यंत्राने कापताना धूळ रोखण्याचे उपाय बंधनकारक केले.

कायदा उंबरठ्यावर थांबतो

आपल्याकडे सिलिकोसिस हा कारखाने अधिनियमाखाली कळवणे बंधनकारक असलेला आजार होता आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आलेल्या नव्या कामगार संहितेतही तो त्या यादीत आहे. पण याच संहितेत बांधकामाची जी व्याख्या आहे, तिच्यातून दहापेक्षा कमी कामगारांचे काम आणि स्वतःच्या राहत्या घराचे ५० लाख रुपयांपर्यंतचे काम वगळले आहे. बाथरूमची फरशी बदलायला दोन माणसे येतात आणि खर्च लाख-दोन लाख होतो. मुंबई महापालिकेने ऑक्टोबर २०२३ मध्ये बांधकामाच्या धुळीसाठी पत्र्याचे उंच कुंपण, कापडाचे आच्छादन, पाण्याची फवारणी असे नियम काढले, त्यांचाही रोख बांधकामाच्या जागांवर आहे. चौथ्या मजल्यावरच्या बाथरूममध्ये दार लावून बसलेल्या कारागिराकडे कोणताही निरीक्षक येणार नाही.

तिथे फरशी ओली कापायची की कोरडी, हे ठरवणारा एकच माणूस उरतो. ज्याने काम दिले तो. म्हणजे तुम्ही.

ठेकेदाराला विचारलेत तर उत्तर बहुधा असे येते: “पाण्याने चिखल होतो, साहेब. कोरडे लवकर होते.” खरेच आहे, होते. चार इंची ब्लेडचा हातातला मार्बल कटर मिनिटाला बारा-तेरा हजार फेरे फिरतो आणि अर्ध्या मिनिटात टाइल कापतो. ती धूळ तोंडाला गमछा बांधून खाल्ली जाते. गमछा, कापडी मास्क किंवा दवाखान्यातला हिरवा-निळा मास्क या कणांना अडवत नाही, एवढे लक्षात असू द्या.

पाणी वापरायचे तर कसे?

सर्वात कमी धूळ होते ती वीज न वापरता. सरळ कापासाठी हाताने रेघ मारून टाइल मोडायचा कटर मिळतो, दोन फुटांपासून चार फुटांपर्यंतच्या टाइलला चालतो. भुकटी जवळजवळ होतच नाही. खोलीच्या कडेच्या टाइल बहुतेक सरळच कापायच्या असतात, त्यामुळे निम्म्याहून अधिक काम यावर निघू शकते. नळासाठी भोक, कोपऱ्यातला एल आकाराचा काप आणि ग्रॅनाइट यांसाठी मात्र यंत्र लागते.

त्यासाठी टेबल कटर बरा. यात टाइल टेबलावर ठेवून सरकवतात, ब्लेडचा खालचा भाग पाण्याच्या ट्रेमधून फिरतो किंवा छोटा पंप ब्लेडवर पाणी सोडतो. हार्डवेअरच्या दुकानात भाड्यानेही मिळतो का, विचारून पाहा. हातातला कटरच वापरायचा असेल तर ब्लेडवर पाणी सोडणारी नळी जोडलेले मॉडेल घ्यावे. बिसलेरीच्या बाटलीच्या झाकणाला भोके पाडून मदतनीस कडेने पाणी शिंपडतो, ही आपल्याकडची नेहमीची पद्धत. कोरड्यापेक्षा ती नक्की चांगली, पण तिच्यात दोन अडचणी आहेत. बाटली रिकामी झाली की काप तसाच कोरडा पुढे जातो. आणि ते पाणी मोटारीच्या हवा घेण्याच्या जाळीत शिरते. मार्बल कटरची मोटार पाण्यासाठी बंदिस्त केलेली नसते.

पाणी धूळ खूप कमी करते, शून्य करत नाही. ब्लेडभोवती जो तुषार उडतो त्यातही बारीक कण असतात. अमेरिकेच्या ओशा या यंत्रणेचे २०१६ चे नियम यात बारकावा करतात: पाणी सोडणारा स्थिर टेबल कटर नीट वापरला तर मास्कची सक्ती नाही, पण हातातले पाण्याचे यंत्र बंद जागेत वापरले तर मास्क हवाच. म्हणून माझा सल्ला असा की टेबल कटर गॅलरीत, गच्चीवर किंवा इमारतीखाली मोकळ्या जागेत ठेवावा, मापे घेऊन फरशी तिथे कापावी आणि कापलेली वर आणावी. जिने चढण्याचे कष्ट वाढतात, मजुरी थोडी वाढते. हातातल्या यंत्राने घरात कापायचेच असेल तर पाणी अधिक एन ९५ किंवा एफएफपी २ मास्क, चेहऱ्याला घट्ट बसणारा. दाढी असेल तर तो घट्ट बसत नाही. मास्क तुम्ही आणून द्या, चाळीस-पन्नास रुपयांसाठी ठेकेदाराशी वाद घालत बसू नका.

पाणी आले की वीज आठवायची

वर पाणी वापरा म्हणून सांगितले, पण विजेची व्यवस्था नसेल तर हाच सल्ला जीवघेणा ठरेल. ओल्या फरशीवर अनवाणी उभा माणूस, हातात २३० व्होल्टचे यंत्र आणि पिन नसलेल्या वायरची दोन टोके काडेपेटीच्या काड्यांनी सॉकेटमध्ये खोचलेली. हे दृश्य तुम्हीही पाहिले असेल.

घराच्या मुख्य पेटीत एमसीबी असतात, त्यावर लोक निर्धास्त असतात. एमसीबी वायरिंग जळू नये म्हणून असतो. तो कित्येक अँपिअरला पडतो. माणसाच्या छातीतून ५० ते १०० मिलिअँपिअर गेले तरी हृदयाची लय बिघडून मृत्यू होऊ शकतो, आणि एवढ्याशा प्रवाहाची एमसीबी दखलही घेत नाही. माणसाला वाचवतो तो आरसीसीबी, ३० मिलिअँपिअरचा. त्याच्यावर ‘टेस्ट’ किंवा ‘टी’ लिहिलेले बटण असते. काम सुरू होण्याच्या दिवशी ते दाबा. वीज ताबडतोब गेली पाहिजे. गेली नाही, किंवा असे बटणच पेटीत सापडले नाही, तर आधी इलेक्ट्रिशियन बोलवा, मग फरशीवाला.

बाकी थोडक्यात. वायरला पिन असलीच पाहिजे, अर्थिंगवाल्या यंत्राला तीन पिनांची. एक्स्टेंशन बोर्ड जमिनीवर नको, स्टुलावर. यंत्राची वायर सॉकेटकडे जाताना आधी खाली झोळ घेऊन मग वर जावी, म्हणजे वायरवरून ओघळणारे पाणी सॉकेटमध्ये न शिरता झोळातून खाली टपकते. पायात रबरी बूट. ब्लेड बदलताना स्विच बंद करणे पुरेसे नाही, पिन काढायची.

यंत्राची निगा म्हणजे धुळीचीच काळजी

ही बाजू लोक यंत्र टिकावे म्हणून पाहतात. मी तिच्याकडे आरोग्याच्या नजरेने पाहतो, कारण ओल्या कटरमधली धूळ नाहीशी झालेली नसते, चिखलात थांबलेली असते. चिखल वाळला की ती पुन्हा धूळ होते.

संध्याकाळी काम थांबले की ट्रेमधले गढूळ पाणी बादलीत काढा. नहाणीत ओतू नका, आत बसून तो गाळ दगडासारखा होतो आणि तुंबलेली नाली फोडायला पुन्हा कटरच लागतो. बादली रात्रभर झाकून ठेवली की गाळ तळाशी बसतो. सकाळी वरचे पाणी काढून टाका, गाळ ओलाच पिशवीत भरून बांधकामाच्या राडारोड्यात द्या. झाकायला विसरू नका. आठवडाभर साचलेल्या पाण्यात डास होतात आणि धुळीपासून वाचून घरात डेंग्यू आणण्यात काही अर्थ नाही. ट्रे, टेबल आणि ब्लेडचे आच्छादन ओले असतानाच फडक्याने पुसा. पंप असेल तर स्वच्छ पाण्यात दोन मिनिटे चालवा, नाहीतर त्याची जाळी गाळाने बुजते, दुसऱ्या दिवशी पाणी कमी येते आणि कापणाऱ्याच्या लक्षात येत नाही की आपण अर्धवट कोरडे कापतो आहोत. कापताना पांढरा धूर दिसला, तर पाणी पोहोचत नाही असे समजून तिथेच थांबायचे.

ब्लेडला तडा, वाकडेपणा किंवा कडेचा तुकडा उडालेला दिसला तर ती फेकून द्यावी. ब्लेडवर छापलेली फेऱ्यांची कमाल मर्यादा यंत्राच्या फेऱ्यांपेक्षा जास्त असावी आणि तिच्यावरचा बाण फिरण्याच्या दिशेने. कठीण व्हिट्रिफाइड टाइल कापून ब्लेड गुळगुळीत होते, मग कारागीर जोर लावतो, आणि जोर लावला की हात सटकतो. अशा वेळी मऊ विटेत किंवा धार लावायच्या दगडात पाणी सोडून चार-पाच काप घेतले की नवे हिरेकण उघडे पडतात. ब्लेडवरचे लोखंडी आच्छादन ‘दिसत नाही नीट’ म्हणून काढून ठेवलेले असेल तर ते बसवायला लावा. सैल कापडी हातमोजे फिरत्या ब्लेडजवळ नकोत, ते ओढले जातात. डोळ्यांना बंद चष्मा आणि कानात बोळे हवेतच.

बोट तुटलेच तर जखमेवर स्वच्छ कापडाचा घट्ट दाब द्या. तुटलेला भाग ओलसर स्वच्छ कापडात गुंडाळून प्लास्टिकच्या पिशवीत बंद करा आणि ती पिशवी बर्फाच्या पाण्यात ठेवा. बोट थेट बर्फावर ठेवू नका. मग जिथे प्लास्टिक सर्जन आहे अशाच रुग्णालयात जा, वाटेतून फोन करून.

घरातल्यांनी काय करावे?

चार दिवसांच्या कामाने घरातल्या कोणाला सिलिकोसिस होणार नाही. त्या भीतीने घर सोडून जायची गरज नाही. पण दमा, सीओपीडी, जुना क्षयरोग किंवा हृदयविकार असलेल्यांचा त्रास या धुळीने नक्की बळावतो. शक्य असेल तर त्यांना, लहान मुलांना आणि गरोदर बाईला त्या दिवसांत नातेवाइकांकडे पाठवा. दम्याचा पंप बरोबर ठेवा, नेहमीची औषधे चालू ठेवा. घरातच राहायचे असेल तर कामाच्या खोलीच्या दाराला ओली चादर लावा, त्या खोलीची बाहेरची खिडकी उघडी आणि एसी बंद.

झाडू मारू नका. ओल्या फडक्याने पुसा, पाणी बदलत पुसा. घरातला साधा व्हॅक्युम क्लीनर हे बारीक कण मागून पुन्हा हवेत सोडतो. पंख्याची पाती आणि एसीची जाळी शेवटच्या दिवशी ओल्याने पुसून घ्या. धुळीचे कपडे झटकू नका, वेगळे भिजवा.

आणि ज्याच्या घरात कोणी हेच काम करते

हे वाचणाऱ्यांत फरशी बसवणाऱ्यांची मुले, बायका, भाऊही असतील. तुमच्या घरातल्या माणसासाठी हे काम चार दिवसांचे नाही, वीस वर्षांचे आहे. सुरुवातीला काहीच होत नाही. मग जिना चढताना दम लागतो, कोरडा खोकला राहतो, वजन उतरते. एक्स-रेमध्ये फुप्फुसांच्या वरच्या भागात ठिपके दिसतात आणि क्षयरोग समजून औषधे सुरू होतात. गोंधळ होण्याचे कारण खरे आहे: दोन्ही आजार वरच्याच भागात दिसतात, आणि सिलिकोसिस झालेल्याला क्षयरोग होण्याचा धोका इतरांपेक्षा कितीतरी पट जास्त असतो, म्हणजे दोन्ही एकत्रही असू शकतात. क्षयरोगाच्या गोळ्या पूर्ण करूनही दम कमी होत नसेल, थुंकीत जंतू कधीच सापडले नसतील, तर डॉक्टरांना स्पष्ट सांगा: “मी अमुक वर्षे फरशी, ग्रॅनाइट कापतो, बहुतेक कोरडे.” हे वाक्य रुग्णाने सांगितले नाही तर गर्दीच्या ओपीडीत ते विचारले जाईलच असे नाही. पुढे स्पायरोमेट्री आणि गरज पडल्यास सीटी स्कॅन लागतो. विडी-सिगारेट असेल तर ती त्याच दिवशी सुटली पाहिजे.

निदान झाले तर सरकारकडून काय मिळते, हे राज्यावर अवलंबून आहे. राजस्थानने २०१९ मध्ये स्वतंत्र धोरण आणले. तिथे वैद्यकीय मंडळाने प्रमाणित केलेल्या रुग्णाला ३ लाख रुपये आणि मृत्यूनंतर कुटुंबाला २ लाख रुपये अशी तरतूद आहे. सर्वोच्च न्यायालयात २००६ पासून चाललेल्या सिलिकोसिसच्या याचिकेत ऑगस्ट २०२४ मध्ये न्यायालयाने, धुळीवरील नियंत्रणाची देखरेख राष्ट्रीय हरित लवादाकडे आणि भरपाईची देखरेख राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाकडे सोपवली. पण भरपाई मागायची तर आजार कामामुळे झाला हे कागदावर लागते, आणि घरोघरी जाऊन काम करणाऱ्याकडे ना हजेरीपत्रक असते ना पगाराची चिठ्ठी. म्हणून तीन गोष्टी आजपासून जपा. बांधकाम कामगार मंडळाची नोंदणी करता येते का ते पाहा आणि झाली तर दरवर्षी नूतनीकरण करा. कोणत्या वर्षी कोणत्या ठेकेदाराकडे, कोणत्या शहरात काम केले याची एक वही ठेवा. आणि प्रत्येक एक्स-रेची मूळ फिल्म किंवा सीडी, नुसता रिपोर्ट नव्हे, तारखेसह घरी ठेवा. पाच वर्षांपूर्वीचा एक्स-रे शेजारी लावता आला, तर ठिपके वाढत आहेत की जुन्या क्षयरोगाचे व्रण तसेच आहेत, हे ओळखणे पुष्कळ सोपे होते.